कडी नसलेलं घर

प्रिय दादा,

तुझ्याच घरात, तुझ्याच जेवणाच्या टेबलावर बसून मी तुला पत्र लिहिते आहे. हसू नकोस. वहिनी जेवण उरकून आडवी झाली आहे, लेक तुझी कॉलेजात, आणि तू दुकानात कुणाच्या तरी नाकावर चष्मा बसवून बघत असशील. बऱ्याच दिवसांनी मला आज जरा एकटं बसायला मिळालं. तेही पुरतं नाही, कारण तू गळ्यात अडकवलेला फोन आहेच. मघाशी तुझा एक येऊन गेला. काय करतेस, म्हणालास. काही नाही, बसले आहे, म्हटलं. बरं, बस, म्हणालास. हल्ली आपलं एवढंच बोलणं होतं. तसं समोरासमोर बोलणं आपल्या दोघांनाही कधी जमलं नाही. आई म्हणायचीच ना, माझ्या पोरांपैकी एकाने डोळे घेतले, एकीने दात, जीभ मात्र कुणीच घेतली नाही.

तू मला इथे घेऊन आलास त्या दिवसापासून एकदाही विचारलं नाहीस, की आत नेमकं काय झालं. वहिनीने एकदा विषय काढला तर तू ताटावरून उठलास. "झालं ते झालं, आता विसर," एवढंच म्हणालास. मी विसरावं म्हणून म्हणालास, की तुला ऐकवत नव्हतं म्हणून, हे मला तेव्हा कळलं नाही. आता कळतं. पण न सांगता ते माझ्याही मनातून जात नाही, आणि तुझ्या मनात तर न ऐकताच काय काय तयार होत असेल देव जाणे. तेव्हा ऐक.

आमच्या कवळ्यांच्या लॅबला रंग लावायचा होता म्हणून मालकांनी जोडून सुट्टी दिली होती. शुक्रवारी संध्याकाळी मी घरी आले ती केसांत, भुवयांत प्लॅस्टरची पांढरी भुकटी घेऊनच, म्हणून आधी अंघोळीला गेले. अंघोळ झाली, टॉवेल गुंडाळला, दाराची गोल मूठ फिरवली, तर ती हातातच आली. बाहेरची मूठ बाहेरच्या फरशीवर टणकन पडली आणि घरंगळत कुठेतरी जाऊन थांबली. खरं सांगते, मला पहिल्यांदा हसू आलं. आयुष्यभर लोकांच्या तोंडात कवळ्या घट्ट बसवल्या आणि माझ्याच घरातली मूठ सैल. मग दार ओढायला गेले तर धरायला काहीच नाही. ते दार आत उघडतं, त्यामुळे धक्का मारूनही उपयोग नाही. कंगव्याचा दाता भोकात घालून पाहिला, तो मोडला. टूथब्रशचं टोक घातलं, ते वाकलं. बोटभर हत्यारांनी बारीक काम करण्यात माझी उमर गेली, दादा, आणि ती सगळी हत्यारं भिंतीपलीकडे टेबलावर ओळीने मांडलेली. हात शिवशिवत होते नुसते.

त्या संध्याकाळी मी ओरडले नाही. का, ते ऐकून तू कपाळाला हात लावशील. अंगावर फक्त ओला टॉवेल होता. मी हाका मारणार, मग लोक जमणार, दार फोडणार, आणि समोर मी अशी. या वयात. मला तो विचारच सोसवेना. म्हटलं, सकाळपर्यंत काहीतरी जमवू. बादली उपडी घालून तिच्यावर बसले. दिव्याचं बटण बाहेर आहे, त्यामुळे दिवाही बंद करता येईना. डोळ्यांवर हात घेऊन भिंतीला टेकून जी काय डुलकी लागली तीच झोप.

शनिवारी सकाळी लाज संपली. खिडकी म्हणजे काय, डोकं जाईल न जाईल एवढी, आणि ती उघडते मागच्या अरुंद बोळकांडीत, जिथून सगळ्या मजल्यांचे पाइप खाली उतरतात. बादलीवर उभी राहून तिथे तोंड लावलं आणि ओरडले. घसा फुटेपर्यंत ओरडले. त्या बोळकांडीत आवाज असा घुमतो की कुठून येतोय ते माझं मलाच कळेना. खालच्या मजल्यावरच्या जोडप्याचं बोलणं मात्र मला स्वच्छ ऐकू येत होतं. बायको म्हणाली, "अहो, वरच्या बाईंचा आवाज येतोय का?" नवरा म्हणाला, "टीव्ही असेल गं. एकट्या असतात ना, मोठ्याने लावतात." "मला तर बोलल्यासारखं वाटलं." "मग टीव्हीशी बोलत असतील." आणि दोघं हसली. वाईट नाहीत रे ती. जिन्यात भेटली की माझी पिशवी घेतात. मी पुन्हा ओरडले, तर त्यांनी त्यांची खिडकी लावून घेतली. दुपारभर त्या बंद खिडकीची कड मला दिसत होती.

दादा, आता जे सांगणार आहे ते नीट वाच. शनिवारी संध्याकाळी तुझा फोन आला. बाहेरच्या खोलीत, टेबलावर, माझ्या हत्यारांशेजारी तो वाजत होता. तूच असणार हे मला ठाऊक होतं, दुकान बंद करायच्या आधी तू नेहमी करतोस. मी दाराला कान लावला. तो वाजत होता तोवर मी तुझ्याशी बोलत होते. दादा, मी इथे आहे, मी इथे आहे, असं. वेड्यासारखं. मग तो थांबला, आणि मला वाटलं, तू पुन्हा लावशील. तू लावला नाहीस. बाहेर गेली असेल असं तुला वाटलं, आणि तसंच कुणालाही वाटलं असतं, मलाही वाटलं असतं. तू मला न्यायला आलास तेव्हा गाडीत बसल्या बसल्या म्हणालास, "मी फोन केला होता," आणि पुढचं वाक्य गिळलंस. ते तुझ्या घशात अजून अडकलेलं आहे. रोज दुपारी "काय करतेस" म्हणून फोन करतोस तेव्हा मला ते ऐकू येतं. पण त्या दोन दिवसांत मला सगळ्यांत बरं कधी वाटलं असेल, तर तो फोन वाजत होता तेवढ्या वेळात. दाराच्या पलीकडे माझं कुणीतरी मला विचारत होतं. तू तुझ्या त्या अडकलेल्या वाक्याला हे उत्तर समज.

त्यानंतरची रात्र वाईट गेली, ते मी लपवत नाही. सासर सोडल्यापासून अर्धं आयुष्य मी एकटी राहते आहे, त्यामुळे एकटेपण म्हणजे काय ते आपल्याला ठाऊक आहे असा माझा समज होता. एकटीने जेवायचं, एकटीने आजारी पडायचं, रविवारी दुपारी कुणाशीही न बोलता नुसतं बसायचं, हे सगळं मला जमतं, आणि खरं सांगायचं तर आवडतंही. तुम्हाला सगळ्यांना वाटायचं मी सोसते. मी सोसत नव्हते रे, मी राहत होते. पण त्या चार भिंतींतलं एकटेपण वेगळं होतं. तिथे मला बोलायचं होतं आणि ऐकणारं कुणी नव्हतं. पाणी होतं, तेवढंच. भूक लागली की तेच पीत होते. नळाशी बोलले, स्वतःला नावाने हाक मारून पाहिली. मी इथे मेले तर सोमवारपर्यंत कुणाला कळणारही नाही, लॅब उघडेल तेव्हा कळेल, हा हिशोबही करून झाला. रडले. मग कधीतरी रडूनही कंटाळा आला, आणि एक चमत्कारिक गोष्ट झाली. भीती गेली नाही, पण ती माझ्या बाजूला येऊन बसली. अंगावर बसलेली होती ती बाजूला. मी नुसती बसून राहिले. त्या वेळी मला तू आठवलास, आई आठवली, वहिनीने एकदा माझ्यासाठी विणलेला तो वेडावाकडा स्वेटर आठवला. सगळी माणसं शांतपणे आठवली. बस, एवढंच. ते मी मुद्दाम लिहिते आहे, का ते शेवटी सांगते.

रविवारी दुपारी माझ्या दाराची बेल कुणीतरी कर्कशपणे दाबायला लागलं. ते आमच्या मागच्या गल्लीतले निवृत्त बस ड्रायव्हर. त्यांची कवळी तुटली होती, आणि लॅब बंद म्हणून मी ती जोडायला घरी आणली होती. रविवारी देते म्हटलं होतं. बिचारे चार दिवस पेज पिऊन वैतागलेले. मी बेलच्या आवाजासरशी लोटा घेऊन पाइप बडवायला सुरुवात केली. बाहेरून आवाज आला, "फाई! आहात का घलात?" दात नाहीत ना तोंडात. मी आतून किंचाळले. एवढा वेळ कुणी ओळखला नाही तो माझा आवाज त्या माणसाला दोन दारांपलीकडून ओळखता आला. ते बसचा हॉर्न वाजवावा तसे जिन्यात ओरडले, खालच्या जोडप्याला वर बोलावलं, कुलूपवाल्याला आणवलं. बाहेरचं दार उघडलं, मग बाथरूमचं. कुलूपवाला ते ढकलणार तेवढ्यात मी ओरडले, थांबा. मग ड्रायव्हर म्हणाले, "मागे फिला सगळे. भिंतीकले तोंड कला." आणि दाराच्या फटीतून त्यांचा हात आत आला, त्यात त्यांचा जाडा कोट. तो हात म्हाताऱ्या माणसाचा, आणि तोंड बाहेर दुसरीकडे फिरवलेलं. दादा, तो कोट घालताना मी जेवढी रडले तेवढी आत दोन दिवसांत रडले नव्हते. बाहेर आले आणि पहिलं काम काय केलं असेल? टेबलावरची त्यांची कवळी उचलून त्यांच्या हातात दिली. त्यांनी ती तिथल्या तिथे बसवली, जबडा दोनदा मिटून पाहिला आणि स्वच्छ आवाजात म्हणाले, "हां. आता सांगा, पोटात काही आहे का?"

ड्रायव्हरांनी माझ्या फोनवरून तुला कळवलं आणि संध्याकाळी तू आलास. घरात पाऊलही नीट न टाकता माझे चार कपडे पिशवीत कोंबलेस आणि म्हणालास, "चल." मी आले. तेव्हा मलाही कुणीतरी न्यायला हवंच होतं.

इथे मला काही कमी नाही. हे मी तोंडदेखलं लिहीत नाही. वहिनी माझ्या ताटाकडे स्वतःच्या ताटाआधी बघते. लेकीने तिची अर्धी खोली दिली आणि कुरकुर केली नाही, फक्त फोनवर बोलायला हल्ली गॅलरीत जाते, थंडीतसुद्धा. पण दादा, मी आले त्या दुसऱ्याच दिवशी तू सुताराला बोलावून घरातल्या सगळ्या आतल्या कड्या काढून टाकल्यास. बाथरूमची, संडासची, आमच्या खोलीची. आता आत जाताना दाराला टॉवेल लटकवायचा म्हणजे आत कुणी आहे हे बाहेर कळतं. मी आत गेले की वहिनी दाराशी येऊन विचारते, "वन्सं, ठीक आहात ना?" मी म्हणते, हो. पाणी ओतेपर्यंत पुन्हा, "वन्सं?" तिलाही कंटाळा आला आहे, पण तू तिला सांगून ठेवलं आहेस. परवा माझ्या लक्षात आलं, मी अंघोळ करताना एक पाय दाराला लावून उभी असते, दार कुणी उघडू नये म्हणून. तिकडे मला दार उघडत नव्हतं, इकडे ते बंद होत नाही. आणि मला रडू येतं ते दोन्हीकडे सारखंच.

लेक झोपेत मध्येच उठते आणि माझा श्वास चालू आहे का ते वाकून बघते. मी जागी असते, डोळे मिटून पडून राहते, तिला वाटावं की मी झोपले आहे. लॅबच्या मालकांचा फोन आला, कधी येताय म्हणून, तो तू घेतलास आणि म्हणालास, "ती आता काम करणार नाही." मी शेजारीच बसले होते. माझ्या हातात तेव्हा शेंगा होत्या, मी सोलत राहिले. माझा मलाच राग आला, पण तुझा चेहरा असा होता की बोलवेना.

मग गेल्या आठवड्यातली ती गच्चीची गोष्ट. मी फोन टेबलावर ठेवून नुसती गच्चीवर गेले होते. कुणाला न सांगता, कारण सांगितलं असतं तर कुणीतरी सोबत आलं असतं. पाण्याच्या टाकीला टेकून बसले होते. ऊन होतं, खाली रस्त्यावरून गाड्या जात होत्या, आणि मला कुणीही काहीही विचारत नव्हतं. किती दिवसांनी मी पूर्ण श्वास घेतला, काय सांगू. खाली काय गोंधळ चालू होता ते मला कळलंच नाही. वहिनीने तुला दुकानातून बोलावलं होतं. तू धावत जिना चढून वर आलास तेव्हा तुझं तोंड पांढरंफटक पडलं होतं. मला वाटलं, रागावशील. तू फक्त माझं मनगट धरलंस, दुखेल इतकं घट्ट, आणि म्हणालास, "आईसारखं मला पुन्हा..." आणि थांबलास.

इतक्या वर्षांत तू त्याबद्दल पहिल्यांदा तोंड उघडलंस. दवाखान्यात तू दिवसेंदिवस आईच्या उशाशी बसून होतास. मी येत-जात होते, तू हललाही नव्हतास. खाली चहाला गेलास आणि तेवढ्यात ती गेली. मी आले तेव्हा तू जिन्यावर बसला होतास, हातात तो गार झालेला कप. येईल त्याला एकच सांगत होतास, "मी फक्त चहाला गेलो होतो." नर्सला, मामाला, माझ्या सासरच्या माणसांना, ज्यांना आपण कधीचेच परके झालो होतो, त्यांनाही. ती एकटी गेली, हे तू अजून उरावर घेऊन फिरतो आहेस. म्हणून कड्या निघाल्या, म्हणून हा गळ्यातला फोन. तुझी चूक नाही यात. पण आईच्या खोलीत तू वेळेत पोचला नाहीस म्हणून मला त्या खोलीत ठेवू नकोस, दादा.

काल रात्री जेवताना तू वहिनीला म्हणालास, माझं घर बघायला कुणीतरी कुटुंब येणार आहे, भाड्याने द्यायचं, सामान इकडे आणून टाकू. मला विचारलं नाहीस. विचारायची गरज आहे असं तुला वाटलंच नाही, इतकं ते तुझ्या मनात ठरून गेलं होतं. त्या लोकांना नाही म्हणून कळव. मी आज परत जाते आहे. वहिनी उठायच्या आत निघेन, नाहीतर ती रडेल आणि मी बसेन. लॅबमध्ये मालकांना सांगून झालं आहे, सोमवारी हजर होते म्हणून. बाथरूमचं ते कुलूप काढून साधा आकडा लावायला मी कुलूपवाल्याला बोलावलं आहे, आणि घराची एक किल्ली ड्रायव्हरांकडे राहील. सकाळी उठले की तुला फोन करीन, रोज. नाही आला तर खुशाल ये. फोन मात्र टेबलावर राहील, गळ्यात नाही. वहिनीला सांग, माझ्यावर रागावली तरी चालेल, पण त्या सुताराला परत बोलवा. लेक मोठी झाली आहे, तिला दार लावता आलं पाहिजे.

पण हे एवढं सांगायला चिठ्ठी पुरली असती. पत्र लिहिलं ते दुसऱ्याच कारणासाठी, आणि म्हणून हे आज वाचून झालं तरी टाकू नकोस, जपून ठेव. कधीतरी असं होईल, की सकाळी माझा फोन येणार नाही. तू येशील, आणि मी नसेन. वय आहे आपलं, हे आज ना उद्या होणारच, कदाचित भर दुपारी, कदाचित तू नुकताच माझ्याकडून उठून गेल्यावर. त्या दिवशी हे काढून वाच. मी त्या जागेच्या अगदी दारापर्यंत जाऊन आले आहे, म्हणून मला माहीत आहे, आणि तुला खोटं सांगायचं मला काही कारण नाही. भीती वाटते, पण ती शेवटपर्यंत अंगावर बसून राहत नाही. आपली माणसं आठवतात, आणि ती आठवायला ती जवळ असावी लागत नाहीत. आईलाही तू आठवला असशील, चहाचा कप घेऊन जिना चढणारा. तेव्हा त्या दिवशी जिन्यावर बसू नकोस. फोन का उचलला नाही, तू कुठे गेला होतास, किती उशीर झाला, यातलं काही कुणाला सांगत बसू नकोस. कुणी विचारलंच, तर एवढंच सांग, की ती तिच्या घरी होती.

तुझीच,
बुटकी